ब्रेक सोडल्यावर चाक मोकळे कोण करते?

मोटारसायकलच्या पुढच्या चाकाजवळ बसून एक गोष्ट नीट पाहा. चाकाबरोबर पोलादाची एक चकती फिरते. तिला डिस्क म्हणतात. या चकतीला दोन्ही बाजूंनी कवेत घेणारा धातूचा एक ठोकळा असतो, तो म्हणजे कॅलिपर. हँडलवरची लिव्हर दाबली की कॅलिपरमधील दोन पॅड चकतीला चिमटीत धरतात आणि चाक थांबते. प्रयोगशाळेतील व्हर्निअर कॅलिपर तुम्ही वापरला असेल. दोन जबड्यांनी वस्तू दोन बाजूंनी पकडायची हे काम दोघांचेही आहे, म्हणून नावही एकच.

पॅड चकतीवर कसे दाबले जातात, हे तुमच्यापैकी अनेकांना सांगता येईल. पण लिव्हर सोडली की चाक पुन्हा मोकळे फिरू लागते, ते कसे? जुन्या ड्रम ब्रेकमध्ये यासाठी स्प्रिंग असते. ब्रेक सोडला की ती दोन्ही शू आत ओढते. डिस्क ब्रेकच्या पिस्टनला मागे ओढणारी अशी स्प्रिंग सहसा नसतेच. मग पिस्टनला मागे कोण ओढते?

उत्तर ऐकून नवल वाटेल. हे काम रबराची एक साधी चौकोनी छेदाची कडी करते. ती म्हातारी झाली की ब्रेक बिघडतो, आणि ती बदलण्यासाठी बाजारात जे छोटे पाकीट मिळते त्यालाच कॅलिपर दुरुस्ती किट म्हणतात. हे किट कसे निवडावे आणि कसे बसवावे, ते आज पाहू. मात्र एक अट आधीच सांगून ठेवतो. हे काम एकट्याने करायचे नाही. घरातील जाणती मोठी व्यक्ती किंवा ओळखीचा मेकॅनिक शेजारी हवाच. पंखा दुरुस्त करताना चूक झाली तर पंखा फिरणार नाही, एवढेच. ब्रेकमध्ये चूक झाली तर गाडी थांबणार नाही.

पाच किलोंचे दोनशे किलो

फ्रेंच शास्त्रज्ञ ब्लेझ पास्कल १६६२ साली वारला आणि द्रवांच्या समतोलावरचा त्याचा ग्रंथ पुढच्या वर्षी छापला गेला. बंदिस्त द्रवावर दिलेला दाब सर्व दिशांना सारखाच पोचतो, हा त्याचा नियम तुम्ही शिकला आहात. आता तो ब्रेकला लावून पाहू.

लिव्हरवर तुम्ही ५० न्यूटन बल लावले, म्हणजे साधारण पाच किलो वजन पेलण्याइतके. लिव्हर ही एक तरफ आहे. ती हे बल सहापट करते असे धरू. तेव्हा हँडलजवळच्या मास्टर सिलिंडरच्या पिस्टनवर ३०० न्यूटन बल येते. या पिस्टनचा व्यास १२ मिलिमीटर आणि कॅलिपरमधील पिस्टनचा ३० मिलिमीटर असेल, तर क्षेत्रफळांचे गुणोत्तर व्यासांच्या गुणोत्तराच्या वर्गाइतके, म्हणजे ६.२५ येते. म्हणून कॅलिपरचा पिस्टन पॅडवर १,८७५ न्यूटन बलाने रेटतो. पाच किलोंचे जवळजवळ दोनशे किलो झाले! नळीतील द्रवाचा दाब या वेळी वातावरणाच्या दाबाच्या सुमारे २६ पट असतो.

अर्थात निसर्ग फुकट काही देत नाही. कॅलिपरचा पिस्टन १ मिलिमीटर सरकण्यासाठी मास्टर सिलिंडरच्या पिस्टनला ६.२५ मिलिमीटर सरकावे लागते. म्हणूनच पॅड आणि चकती यांमधील फट अगदी थोडी, मिलिमीटरच्या दशांशाच्या घरातली असावी लागते. फट मोठी झाली तर लिव्हर हँडलला टेकेल आणि तरीही पॅड चकतीपर्यंत पोचणार नाहीत. फट नाहीशी झाली तर पॅड सतत घासत राहतील. ही नाजूक फट कायम राखणे हेच त्या रबरी कडीचे खरे कसब आहे.

खोडरबराचा प्रयोग

एक मोठे खोडरबर टेबलावर उभे धरा. त्याच्या माथ्यावर बोट घट्ट टेकवा आणि बोट हळूच पुढे ढकला. रबराचा माथा बोटाबरोबर पुढे झुकतो. आता बोट न उचलता ढकलणे थांबवा. रबर सरळ होताना बोटालाही मागे आणते. हीच रबराची स्थितिस्थापकता.

आता बोट जास्त पुढे ढकला. रबर काही अंतरापर्यंत झुकेल आणि मग बोट त्यावरून घसरेल. ढकलणे थांबवल्यावर रबर पुन्हा सरळ होईल आणि बोट मागे येईल, पण पहिल्या जागी नाही. घसरल्यानंतरच्या नव्या जागेपासून तेवढेच थोडे मागे येईल.

बोटाच्या जागी पिस्टन आणि खोडरबराच्या जागी चौकोनी कडी आहे असे समजा. कडी कॅलिपरच्या भोकातील खाचेत बसते आणि पिस्टनला घट्ट मिठी मारते. खाचेची चकतीकडची कड किंचित तिरपी कापलेली असते, म्हणजे कडीला त्या बाजूला झुकायला जागा मिळते. ब्रेक दाबला की पिस्टन पुढे जातो आणि कडी झुकते. ब्रेक सोडला की कडी सरळ होते आणि पिस्टनला तेवढेच मागे ओढते. पॅड झिजून पातळ झाले की पिस्टन कडीवरून घसरून थोडा पुढे जातो, पण मागे येण्याचे अंतर तेवढेच राहते. म्हणजे पॅड नवे असोत की झिजलेले, फट सारखीच! शिवाय हीच कडी द्रवाला बाहेर गळू देत नाही. गळती थांबवणे, पिस्टन मागे ओढणे आणि झिजेची भरपाई करणे ही तीन कामे रबराचा एक तुकडा करतो.

कॅलिपर आजारी आहे हे कसे ओळखावे?

चाक जमिनीवरून उचलून हाताने फिरवले असता ते लगेच थांबते का? थोडे अंतर चालवल्यावर, ब्रेक फारसा न वापरताही, चकती खूप तापते का? (बोट लावून पाहू नका. भाजेल. पाण्याचे चार थेंब शिंपडून पाहा.) कॅलिपरच्या खालच्या बाजूस ओलसर डाग दिसतो का? एका बाजूचा पॅड दुसऱ्यापेक्षा पुष्कळ जास्त झिजला आहे का?

पॅड सतत घासत असतील तर दोष बहुधा पिस्टनच्या कडीत किंवा तिच्या खाचेत असतो. डाग असेल तर गळती आहे. एकाच पिस्टनच्या कॅलिपरमध्ये पिस्टन एका पॅडला रेटतो आणि त्याच्या प्रतिक्रियेने सारा कॅलिपर दोन दांड्यांवरून उलट सरकून दुसरा पॅड दाबतो. या दांड्या गंजून अडकल्या की पिस्टनकडचा पॅड एकटाच झिजतो. अशा वेळी दांड्या साफ करून त्यांची रबरी टोपणे बदलली तरी काम भागते.

आपल्याकडे हा आजार का जडतो तेही पाहा. कोकणातील खारी हवा, पावसाळ्यातील चिखल आणि उन्हाळ्यातील बारीक धूळ ही तीन कारणे मोठी आहेत. बाहेरच्या बाजूला धूळ अडवणारी दुसरी, पातळ कडी असते. ती फाटली की पाणी आत शिरते, अॅल्युमिनियमच्या खाचेत पांढरा क्षार जमतो, तो कडीला मागून रेटतो आणि कडी पिस्टनला आवळून धरते. गंमत अशी, की अशा वेळी नुसती नवी कडी बसवून काहीच साधत नाही. खाच साफ करावीच लागते.

किट निवडताना

किटमध्ये साधारणपणे एक जाड चौकोनी कडी, एक पातळ धूळरोधक कडी, दांड्यांची रबरी टोपणे आणि रबराला चालणाऱ्या ग्रीसची पुडी असते. काही किटांत नवा पिस्टनही असतो.

दुकानात नुसते गाडीचे नाव सांगून भागत नाही. एकाच नावाच्या गाडीला वेगवेगळ्या वर्षी वेगळे कॅलिपर बसवलेले असू शकतात. गाडीचे मॉडेल, तिच्या निर्मितीचे वर्ष, कॅलिपर पुढचा की मागचा, पिस्टन किती आणि त्यांचा व्यास किती, एवढी माहिती लिहून न्या. कॅलिपर बनवणाऱ्याचे चिन्ह बहुधा ठोकळ्यावरच ओतलेले असते, तेही टिपून घ्या. पिस्टनचा व्यास मोजायला व्हर्निअर कॅलिपर उपयोगी पडतो. कॅलिपरने कॅलिपर मोजण्याची संधी पुन्हा येणार नाही! गाडीच्या पुस्तिकेतील भागक्रमांक पाकिटावरील क्रमांकाशी जुळला पाहिजे. पाकीट बंद असावे आणि फार जुने नसावे, कारण रबर न वापरताही वयाने कडक होते. मूळ कंपनीच्या किटपेक्षा खूप स्वस्त आणि क्रमांक नसलेले पाकीट घेऊ नका. कडी अर्धा मिलिमीटर जाड असली तर पिस्टन अडकेल, पातळ असली तर द्रव गळेल.

पिस्टन काढून पाहिल्याशिवाय तो बदलावा लागेल की नाही हे कळत नाही. त्याच्यावर गंजाचे खड्डे असतील किंवा वरचा चकचकीत मुलामा उडाला असेल, तर पिस्टनसह मिळणारे किट घ्या. खड्डे काचकागदाने घासून ‘साफ’ करू नका. कडी पिस्टनच्या पृष्ठभागावरच टेकते, तेव्हा तिथला ओरखडा म्हणजे गळतीला दिलेली वाटच.

नावात तेल, पण तेल नव्हे

गॅरेजमध्ये ब्रेकच्या द्रवाला ‘ब्रेक ऑइल’ म्हणतात. हे नाव फसवे आहे. नेहमी वापरले जाणारे डॉट ३ आणि डॉट ४ हे द्रव ग्लायकॉल जातीच्या संयुगांचे असतात. ते खनिज तेल नव्हेत. ब्रेकच्या कड्या ज्या रबराच्या असतात त्याला हा द्रव सोसतो, पण पेट्रोल, रॉकेल, डिझेल, इंजिन ऑइल किंवा साधे ग्रीस लागले की ते रबर फुगते.

जुनी, काढून टाकलेली कडी मिळाली तर तिचे दोन तुकडे करा. एक इंजिन ऑइलमध्ये आणि दुसरा ब्रेकच्या द्रवात दोन दिवस बुडवून ठेवा. आधी आणि नंतर दोन्ही तुकड्यांची जाडी मोजा. ब्रेकचे भाग रॉकेलने धुऊ नयेत हे मग कोणी सांगावे लागणार नाही. प्रयोगाच्या वेळी हातमोजे घाला. ब्रेकचा द्रव पोटात गेल्यास विषारी असतो.

या द्रवाचा आणखी एक स्वभाव आहे. तो हवेतील बाष्प शोषून घेतो. डॉट ४ प्रतीच्या ताज्या द्रवाचा उत्कलनबिंदू किमान २३० अंश सेल्सिअस असावा लागतो. पाणी शोषलेल्या द्रवासाठी ही मर्यादा १५५ अंश आहे. डॉट ३ साठी हेच आकडे २०५ आणि १४० आहेत.

इतके तापमान ब्रेकमध्ये येते कुठून? स्वारासह २०० किलो वजनाची गाडी ताशी ६० किलोमीटर वेगाने जात असेल तर तिची गतिज ऊर्जा सुमारे २८,००० ज्यूल असते. ही सारी एक किलोच्या पोलादी चकतीत गेली तर चकतीचे तापमान एका थांब्यात ५५ अंशांहून अधिक वाढेल. आता हीच गाडी ३०० मीटर उंचीचा घाट उतरते असे समजा. सोडायची ऊर्जा ५,८८,००० ज्यूल, म्हणजे अशा एकवीस थांब्यांइतकी! ब्रेक दाबून ठेवूनच घाट उतरला तर कॅलिपरमधील जुना, पाणी शोषलेला द्रव उकळू शकतो. वाफ दाबली जाते, म्हणून लिव्हर हँडलपर्यंत जाते आणि ब्रेक लागत नाही. म्हणून किट बदलताना द्रवही नवा, नुकत्याच उघडलेल्या डब्यातला वापरावा, आणि घाट खालच्या गिअरमध्ये उतरावा.

प्रत्यक्ष काम

येथे एका पिस्टनच्या कॅलिपरचे काम सांगितले आहे. गाडी मुख्य स्टँडवर पक्की उभी करा. डोळ्यांना चष्मा, हातांना मोजे घाला. द्रवाने रंग जातो, म्हणून टाकीवर ओले फडके पसरा. पॅडची भुकटी तोंडाने फुंकून किंवा हवेच्या झोताने उडवू नका. ती फुप्फुसात जाऊ नये, म्हणून ओल्या फडक्याने टिपा.

१. कॅलिपर गाडीवर घट्ट असतानाच पॅडची पिन आणि नळीचा बोल्ट पान्ह्याने किंचित सैल करून पुन्हा हलके बसवा. मग कॅलिपर उतरवा, पॅड काढा. प्रत्येक भागाचा फोटो काढून ठेवा.

२. नळी जोडलेली असतानाच लिव्हर हळूहळू दाबा. पिस्टन आपोआप बाहेर येईल. खाली ताट ठेवा, समोर लाकडाचा तुकडा ठेवा. पिस्टनसमोर बोटे आणू नका. काही जण काँप्रेसरच्या हवेने पिस्टन उडवतात. गणित करून पाहा. वातावरणाच्या सातपट दाबाची हवा ३० मिलिमीटर व्यासाच्या पिस्टनला सुमारे ५०० न्यूटन बलाने ढकलते. बोट मोडायला तेवढे पुरे आहे.

३. नळी सोडवा. दोन्ही कड्या बांबूच्या किंवा प्लॅस्टिकच्या काडीने उचकटा. स्क्रूड्रायव्हर वापरू नका, खाचेला ओरखडा पडेल. कोणती कडी कोणत्या खाचेत होती ते टिपा. जाड कडी आतल्या, पातळ बाहेरच्या खाचेत असते.

४. खाचेतील क्षार काडीने खरवडा. आयसोप्रोपिल अल्कोहोल किंवा ब्रेक क्लीनरने सारे धुऊन पूर्ण कोरडे करा. खाच खोल कुरतडली गेली असेल तर किटने काम होणार नाही, कॅलिपरच बदलावा लागेल.

५. नव्या कड्या ब्रेकच्या ताज्या द्रवात बुडवून खाचेत बसवा. सर्व बाजूंनी बोट फिरवून कुठे पीळ राहिला नाही ना ते पाहा. पिस्टनही द्रवाने ओला करा आणि अंगठ्यांनी सरळ आत ढकला. तो तिरका होऊन अडकला तर जोर करू नका. बाहेर काढा आणि पुन्हा सुरुवात करा. हातोडीला येथे काम नाही.

६. दांड्यांना किटमधील ग्रीस लावा, नवी टोपणे बसवा. पॅड आणि चकती यांना ग्रीसचा डागही लागू देऊ नका. नळीच्या बोल्टला तांब्याचे नवे वायसर घाला. सर्व बोल्ट पुस्तिकेत दिलेल्या मापाने टॉर्क रेंच वापरून आवळा.

हवा काढणे

औषधाच्या दुकानातून ५ आणि २० मिलिलिटरच्या दोन सिरिंज सुई न घेता आणा. त्या पातळ नळीने जोडून पाण्याने भरा. लहान सिरिंजचा दट्ट्या ढकलताच मोठीचा दट्ट्या सरकतो. दोन्ही दट्टे किती सरकले ते मोजा आणि क्षेत्रफळांचे गुणोत्तर काढा. आता मुद्दाम थोडी हवा राहू द्या आणि मोठा दट्ट्या घट्ट धरून लहान ढकला. दट्ट्या स्पंजासारखा मऊ लागतो. हवा दाबली जाते, पाणी जवळजवळ नाही. ब्रेकची ‘एअर’ काढतात ती यासाठी.

वरच्या भांड्यात त्याच्या झाकणावर लिहिलेल्या प्रतीचा द्रव भरा. कॅलिपरच्या निपलला पारदर्शक नळी लावून तिचे टोक बाटलीतील द्रवात बुडवा. एकाने लिव्हर तीनचार वेळा हळू दाबून शेवटी दाबून धरावी. दुसऱ्याने निपल पाव फेरा उघडावे. बुडबुडे येतील. लिव्हर सोडण्यापूर्वी निपल बंद झालेच पाहिजे, नाहीतर हवा परत आत जाईल. बुडबुडे थांबून लिव्हर टणक लागेपर्यंत हे करा. वरचे भांडे मध्येच रिकामे होऊ देऊ नका.

१ एप्रिल २०१९ पासून भारतात १२५ सीसीवरील नव्या दुचाकींना एबीएस सक्तीचे झाले. त्यांपैकी काही गाड्यांची हवा काढायला कंपनीचे उपकरण लागते. पुस्तिकेत तसे लिहिले असेल तर हे काम सेवा केंद्रावर सोपवा. लिव्हर कितीही प्रयत्नांनी टणक होत नसेल तरीही तेच करा.

गाडी हलवण्यापूर्वी

लिव्हर आधी कडक होईपर्यंत दाबा, मगच गाडी स्टँडवरून काढा. पिस्टन आत ढकललेला असतो, त्यामुळे पहिल्या काही दाबांना ब्रेक लागतच नाही. हे विसरून गाडी चालवली तर पहिल्याच वळणावर घात होतो. मग लिव्हर जोराने मिनिटभर दाबून धरा. ती हळूहळू आत जाते का? कॅलिपरजवळ ओल दिसते का? सोडल्यावर चाक मोकळे फिरते का? सारे ठीक असेल तर आधी गाडी हाताने ढकलत ब्रेक लावून पाहा. त्यानंतर परवाना असलेल्या मोठ्या व्यक्तीने मोकळ्या जागी अगदी सावकाश चालवून पाहावी. दुसऱ्या दिवशी गळती पुन्हा तपासा. काढलेला द्रव गटारात ओतू नका. डब्यात भरून गॅरेजला द्या.

फ्रेडरिक लँचेस्टर या इंग्रज अभियंत्याने डिस्क ब्रेकचे पेटंट १९०२ साली घेतले. १९५३ साली ले माँच्या चोवीस तासांच्या शर्यतीत डिस्क ब्रेक लावलेली जॅग्वार मोटार पहिली आली आणि जगाचे लक्ष या ब्रेककडे वळले. १९६९ साली होंडाच्या सीबी ७५० या मोटारसायकलवर तो आला. आज तो आपल्या गल्लीतील दुचाकीवर आहे. लाखमोलाचे इंजिन गाडीला वेग देते, पण वेळेवर थांबण्याची जबाबदारी शेवटी रबराच्या एका कडीवर येऊन ठेपते. तेव्हा ती योग्य मापाची, स्वच्छ खाचेत आणि स्वच्छ द्रवात बसवलेली असावी.

विचार करा

१. कोठेही गळती नसताना वरच्या भांड्यातील द्रवाची पातळी महिनोन्महिने थोडीथोडी का उतरते?

२. कॅलिपरमध्ये ३० मिलिमीटरचे एकाऐवजी दोन पिस्टन एकाच बाजूला बसवले, तर पॅडवरील बल किती होईल? लिव्हर जास्त दाबावी लागेल की कमी?

३. घाट खालच्या गिअरमध्ये उतरताना ब्रेकमध्ये न गेलेली ऊर्जा कोठे जाते?